पुण्याला दार नव्हतं

उंब्रजहून आत वळलं, तारळीचा पूल ओलांडला आणि दोन्ही बाजूंचा ऊस गाडीच्या आरशांना गुदगुल्या करायला लागला, की समजावं, निकमांची वस्ती आली. वस्ती म्हणजे एकच घर. पण हे एकच घर आहे यावर नवख्या माणसाचा विश्वास बसत नाही. एक भाग जमिनीत गेलेला, एक पायांवर उभा राहिलेला आणि एक पोट पुढं काढून वाट अडवून बसलेला. लांबून बघणाऱ्याला वाटतं, तीन घरं भांडता भांडता एकमेकांच्या अंगावर पडली आणि दमून तशीच झोपी गेली.

हे घर फिरवून दाखवण्याचं काम कृष्णात निकम करतो. कृष्णात सैन्यातून हवालदार म्हणून निवृत्त झाला. उंब्रजच्या बाजारात मात्र तो 'मेजर' आहे, कारण त्या बाजारात सैन्यातून परत आलेला प्रत्येक माणूस मेजरच असतो. घर दाखवायचं काम त्याला कुणी दिलेलं नाही. पण पाहुणा येवो, खताचा टेम्पो येवो नाहीतर वीजमीटर वाचायला माणूस येवो, कृष्णात मिशीवरून हात फिरवत उठतो आणि म्हणतो, "घर बघितलंय का आमचं?" मीटरवाला हल्ली मागच्या बांधावरून येतो आणि आकडा टिपून पळत जातो.

या घराला नकाशा असा कधी नव्हता, रिवाज होता. सैन्यातला निकम वर्षाच्या लांब सुट्टीवर आला, की त्यानं घराला एक खोली जोडायची. जिथं नोकरी केली तिथलं काहीतरी तिच्यात आणायचं, आणि सुट्टी संपायच्या आत छप्पर घालायचं. हे कुणी ठरवलं ते माहीत नाही. पण शंभरेक वर्षं ते मोडलेलं नाही.

सुरुवात केली कृष्णातच्या पणजोबांनी, येसबांनी. ते पहिल्या महायुद्धात बसऱ्याला गेले. तिथल्या घरांना वरच्या मजल्यावर, रस्त्याच्या डोक्यावर आलेले जाळीदार लाकडी सज्जे असतात. येसबांना ते फार आवडले. सुट्टीवर आल्यावर त्यांनी हुबेहूब तसा सज्जा करून घेतला. वरचा मजला काही बांधून झाला नाही. मग तो सज्जा तळमजल्यालाच बसवला. तो आजही बरोबर माणसाच्या कपाळाच्या उंचीला बाहेर आलेला आहे. नव्या नवरीला इतर घरांत उंबऱ्यावरचं माप ओलांडायला सांगतात. निकमांकडं त्याआधी सगळं वऱ्हाड एका सुरात ओरडतं, "वयनी, वाका!"

त्या खोलीचं नाव बसरा. येसबांचे दोन मुलगे पुढच्या महायुद्धात दोन दिशांना गेले. थोरला ब्रह्मदेशात होता. परत आल्यावर त्यानं जाड सागवानी पायांवर उभी खोली बांधली. तारळीला कितीही पूर आला तरी पाणी इथवर येत नाही, असं सगळ्या गावानं त्याला समजावलं. "मी रंगून बघितलंय," एवढंच तो म्हणाला. ती खोली रंगून. तिच्या पायांमध्ये कोंबड्या राहतात आणि पहाटे कोंबडा थेट गादीखाली आरवतो. धाकटा भाऊ आफ्रिकेच्या वाळवंटात लढला होता. जमिनीत गेलं की माणूस वाचतो, एवढं एकच तत्त्व घेऊन तो आला आणि त्यानं जमिनीत उतरून जाणारी खोली खोदली. तिचं नाव तोब्रुक. उन्हाळ्यात तोब्रुक माठासारखं गार असतं. पावसाळ्यात माठासारखंच भरतं. त्याचा मुलगा, म्हणजे कृष्णातचे थोरले काका, लडाखला होते. त्यांनी न्हाणी बांधली. नरकचतुर्दशीच्या पहाटे तिथं अंघोळ केलेल्या माणसाला न्हाणीचं नाव लडाख का, हे विचारावं लागत नाही.

यात एक बारीक कलम होतं. खोलीला नाव ठेवायचा हक्क बांधणाऱ्याला नव्हता. त्यानं फक्त बांधायचं. पुढं कधीतरी घरातल्या कुणीतरी घाईगडबडीत, न हसता, "बसऱ्यातनं पोतं आण" असं म्हटलं, की ती खोली घराची झाली आणि बांधणाराही घराचा झाला. तोवर ते नुसतं बांधकाम.

आणि कृष्णातची गोची इथंच होती. कृष्णात सैन्यात गेला तो भांडारात. गणवेश, बूट, सतरंज्या, पातेली मोजून ठेवायची आणि मोजून द्यायची. पहिली नेमणूक पुण्याला झाली. नंतर एकदा देवळाली लागली, एकदा बेळगाव, पण त्याच्यासारखा भांडार लावणारा दुसरा नाही म्हणून साहेब लोक त्याला परत पुण्याला ओढून घेत. देशाच्या सीमेकडं त्याचं तोंड कधी झालंच नाही. दर शनिवारी तो एस्टीनं घरी यायचा आणि रविवारी डबा घेऊन परत जायचा. जो माणूस दर आठवड्याला घरी येतो, तो सुट्टीवर येतो असं कोण म्हणेल? त्यामुळं खोलीही झाली नाही. घरात तो जेवला, वाढला, लग्न करून बसऱ्याच्या ओटीवर पडदा लावून संसार केला, पण त्या घरात त्याची म्हणून एक वीट नव्हती.

घर दाखवताना हे सगळ्यात शेवटी यायचं. बसरा झालं, रंगून झालं, तोब्रुक झालं, लडाख बाहेरून दाखवून झालं, की पाहुणा सहज विचारायचा, "आणि मेजर, तुमचं कुठलं?"

"च्या घेणार न्हवं?" कृष्णात म्हणायचा.

गेल्या मार्गशीर्षात विट्याची माणसं शिवांजलीला बघायला आली. शिवांजली म्हणजे कृष्णातच्या धाकट्या चुलतभावाची, उदयसिंहाची मुलगी. कांदेपोह्यांच्या आधी कृष्णातनं पाहुण्यांना घर फिरवलं. मुलाच्या वडलांनी कपाळ चोळत चोळत तोच प्रश्न विचारला. कृष्णात चहाकडं वळणार एवढ्यात ओसरीवरून थोरला चुलतभाऊ हंबीरराव गरजला. हंबीररावाचं पोट मोठं आणि आवाज त्याहून मोठा.

"किस्नाचं व्हय? किस्नाचं बांधायचं म्हंजी एस्टी स्टँड बांधाय लागंल! वर पाटी, पुणे विनाथांबा!"

सगळी ओसरी हसली. मुलाच्या वडलांच्या नाकात चहा गेला. शिवांजलीसुद्धा पदराआड हसली आणि लग्न तिथंच जमलं. कृष्णातही हसला. पण रात्री जेवायला बसल्यावर त्यानं बायकोला, शालूबाईला सांगितलं, "मी खोली बांधणार हाय."

"आवं, कुठं?" शालूबाई म्हणाली. ती पलूसची. गेली कित्येक वर्षं पडद्याआड संसार करत होती, त्यामुळं 'का' असं काही तिनं विचारलं नाही.

जागा एकच उरली होती. पश्चिमेला बसऱ्याची पाठ, पूर्वेला रंगूनची कूस, उत्तरेला तोब्रुकचं डोकं आणि दक्षिणेला उघडं, असा मधोमध एक खाचरासारखा तुकडा होता. तिथं मोडकी सायकल, कडब्याच्या चार पेंढ्या आणि एक कायम रागावलेली कोंबडी असायची. कृष्णातनं कोंबडी सोडून सगळं हलवलं आणि आप्पासो गवंड्याला बोलावलं.

आप्पासो सावकाश माणूस. त्यानं जागा बघितली, तंबाखू मळली आणि विचारलं, "मेजर, दार कुनीकडनं?"

कृष्णात पहिल्यांदा हंबीररावाकडं गेला. बसऱ्यात हंबीरराव राहतो.

"बसऱ्यातनं दार?" हंबीरराव म्हणाला. "तितं माजा पलंग हाय. तू काय माज्या पोटावर पाय दिऊन पुन्याला जानार व्हय रं?" आणि पुन्हा हसला.

मग तो उदयसिंहाकडं गेला. उदयसिंह हसला नाही, तो सभ्य आहे. पण त्यानं खिडकीतून खाली बोट दाखवलं. "तात्या, रंगून बघा किती वर हाय. माज्याकडनं दार पाडलं, तर तुमाला घरात उतराय पॅराशूट लागंल."

तोब्रुकमध्ये मनुबाई राहतात. मनुबाई म्हणजे थोरली काकी, लडाख बांधणाऱ्या काकांच्या पत्नी. ऐंशी पार झाल्यात. नऊवारीवर नवऱ्याचा हिरवा लष्करी स्वेटर घालतात, बाराही महिने, कारण तोब्रुकमध्ये बाराही महिने स्वेटरचे असतात. घरातले सगळे देव त्यांच्याच ताब्यात. कृष्णातनं दार म्हणताच त्यांनी त्या बाजूच्या भिंतीतल्या देवळीकडं बघितलं.

"देवाच्या पाठीला भोक पाडतोस? जोतिबाला वारं लागंल की रं!"

"मग काकी, दक्षिणेकडनं करतो. तिकडं मोकळंच हाय."

"दक्षिनंला?" मनुबाईंनी जपमाळ खाली ठेवली. "यमाला कशाला लांबनं यायचा तरास? घाल त्येला दार करून. मी हाय तंवर या घराला दक्षिनंचं दार न्हाई. मी गेल्यावर काय कराचं ती करा."

मनुबाई जाण्याचं काही लक्षण नव्हतं.

कृष्णातनं येऊन आप्पासोला सगळं सांगितलं. आप्पासोनं तंबाखू थुंकली. "मग आसं करू. आधी भिती उभ्या करू. दाराचं तुमचं घरात ठरलं, की सांगा. फोडून देतो. भित काय, कुठनंबी फुटती."

हे बोलणं कृष्णातला एकदम पटलं. आणि त्याला पटण्याचं कारण वेगळं होतं. बाकीच्या निकमांनी बाहेरून सज्जे आणले, पाय आणले, खंदक आणले. कृष्णातनं आयुष्यभर एकच गोष्ट बघितली होती, कप्पे. भांडाऱ्याला भिंत दिसली, की तिच्यात कप्पाच दिसतो. दार म्हणजे त्याच्या लेखी कप्पे वाया घालवणारी जागा. त्यानं चारी भिंतींना पायापासून छतापर्यंत काळ्या कडाप्प्याचे कप्पे काढायला घेतले. बुटांच्या मापाचे, पातेल्यांच्या मापाचे, सतरंजी गुंडाळून बसेल असे. एकेक फरशी तो स्वतः धरायचा, डोळा मिटून बघायचा आणि म्हणायचा, "आप्पासो, केसभर डावीकडं." कप्प्यांच्या कडा त्यानं गेरूनं रंगवल्या आणि खाली चुन्याची पांढरी रेघ ओढली. दाराचा विषय रोज सकाळी निघायचा आणि रोज तिथं एक कप्पा व्हायचा.

असं करता करता दक्षिणेची भिंत पुरी झाली. वर स्लॅब पडला. उजेडासाठी स्लॅबमध्ये एक चौकोनी झरोका ठेवला होता. आतली माणसं शिडीनं त्यातूनच वर आली, घाम पुसला आणि पाणी प्यायली. तेव्हा शालूबाईनं घराला एक चक्कर मारली. मग उलट्या बाजूनं आणखी एक मारली.

"आवं," ती म्हणाली, "आत जायचं कुठनं?"

एवढा वेळ हा प्रश्न तोंडी होता. आता तो सिमेंटचा झाला.

हंबीररावाला तर दिवाळीच सापडली. येणाऱ्या-जाणाऱ्याला तो हाताला धरून आणायचा. "बगा, किस्नाचं पुनं! भाईर लिवाय पायजे, आत यायला मनाई हाय, आन् वाटबी न्हाई!" गावातली पोरं आई-बापांना घेऊन आली. कराडहून कुणी फोटो काढून गेलं. शंभर वर्षांत निकमांच्या घराला इतकी माणसं आली नव्हती, आणि कृष्णातला कुणालाच घर दाखवावंसं वाटत नव्हतं.

दोन आठवड्यांनी आप्पासो पडलेल्या चेहऱ्यानं आला. स्लॅबखाली लावलेल्या सेंटरिंगच्या लोखंडी प्लेटा आणि टेकू सगळे आतच होते. पुढं मसूरला त्याचं काम अडलं होतं. झरोक्यातून प्लेट काढायचा प्रयत्न झाला. ती आडवी येईना आणि तिरपीही येईना.

"आप्पासो, मानसं आली की रं भाईर," उदयसिंह म्हणाला.

"मानूस वाकतो," आप्पासो म्हणाला. "प्लेट वाकत न्हाई. मेजर, आता कंच्याबी भितीत सांगा, पन सांगा."

पण कुठली भिंत, ते कुणी सांगेना. हंबीररावाचा पलंग हलेना, रंगून खाली येईना आणि मनुबाई यमाला वाट देईनात. हंबीरराव तर म्हणाला, "पाडून टाक सगळं, आन् कडबा ठेव पयल्यासारका. कोंबडीबी वाट बगती बिचारी."

हे ऐकलं आणि कृष्णात उठला. त्यानं वळकटी बांधली, थर्मास घेतला, रेडिओ घेतला, शिडीनं माळवदावर गेला आणि झरोक्यातून आत उतरला. उतरल्यावर त्यानं शिडी आत ओढून घेतली.

"माणूस राहायला लागला, की ती खोली झाली," आतून आवाज आला. "आता पाडा बघू!"

आवाज फार घुमत होता. शालूबाई माळवदावर जाऊन झरोक्यातून वाकली. "आवं, जेवनाचं?"

"सोडायचं दोरीनं."

"आन् बाकीचं? लडाखला जायचं झालं तर?"

आत थर्मासचं झाकण लावल्याचा आवाज आला. मग शिडी वर आली, कृष्णात वर आला, मान ताठ ठेवून सगळ्यांच्या समोरून लडाखला जाऊन आला आणि पुन्हा आत उतरून शिडी ओढून घेतली. त्याच्या उपोषणाला धार येत नव्हती ती यामुळंच. शिवाय ते उपोषणही नव्हतं. दुपारी दोरीनं पिठलं-भाकरी जायची आणि वर "मिरची कुठाय?" असा आवाज यायचा.

टेकूंच्या जंगलात बसून कृष्णात काय करत होता? कप्पे लावत होता. एका कप्प्यात थर्मास, एकात रेडिओ, एकात चपला. बाकीचे रिकामे होते. ते रिकामे कप्पे बघत बसलं, की आपण भांडार उघडलं आणि माल आलाच नाही, असं त्याला वाटायचं. भिंतीपलीकडून मनुबाईंचा आवाज ऐकू यायचा. त्या देवांशी बोलत असत. "जोतिबा, किस्ना वाळला आसंल रं. हट्टी हाय, पन हात सोन्याचा हाय त्येचा. लानपनी माजं डबं कसं लावायचा, याद हाय न्हवं?" जोतिबाला आठवत असो वा नसो, कृष्णात भिंतीला कान लावून बसायचा.

चैत्र संपता संपता एका दुपारी वळीव आला. आधी धुळीचा लोट, मग टपोरे थेंब, मग गारा, आणि मग कुणी आकाशाचं बूच काढल्यासारखं पाणी. कृष्णातनं झरोक्यावर प्लास्टिकचा कागद ओढून घेतला. आता एक गोष्ट सांगायला हवी, जी बांधताना कुणाच्याच ध्यानात आली नव्हती. मधला तो खाचरासारखा तुकडा उगीच मोकळा नव्हता. छपरांचं पाणी पहिल्यापासून तिथंच पडायचं आणि दक्षिणेकडून शेतात निघून जायचं. येसबांपासून सगळ्यांनी ती वाट सोडून बांधलं होतं. कृष्णातनं तिच्यात कप्पे बसवले. पाण्यानं थोडा वेळ इकडंतिकडं बघितलं आणि मग सगळ्यात खोल जागा शोधली. ती होती तोब्रुक.

भिंतीपलीकडून पायऱ्यांवरून पाणी कोसळल्याचा आवाज आला आणि पाठोपाठ मनुबाईंचा. "आगं बया! जोतिबा भिजला की! हंबीर! आरं उदय!"

"काकी, भाईर या!" कृष्णात ओरडला.

"देव टाकून? मी न्हाई यायची!"

शिडी लावून वर जायचं, माळवदावरून खाली उतरायचं, वळसा घालून तोब्रुकमध्ये जायचं. एवढा वेळ नव्हता. टेकूंच्या मागं आप्पासोची पहार उभी होती. आप्पासो ती विसरला होता की त्यानं मुद्दाम ठेवली होती, ते तो अजून सांगत नाही. कृष्णातनं पहार उचलली आणि उत्तरेच्या भिंतीसमोर उभा राहिला. तिथले कप्पे सगळ्यात सुरेख जमले होते. केसभर डावीकडं वगैरे सगळं तिथंच झालं होतं. त्यानं क्षणभर डोळे मिटले आणि पहिला घाव घातला.

कडाप्पा फुटला, विटा फुटल्या आणि मग जुन्या मातीच्या भिंतीनं एकदम हार मानली. भोकातून मनुबाई दिसल्या. छातीशी जोतिबाचा टाक, गुडघ्यापर्यंत पाणी, स्वेटरच्या बाह्या वर केलेल्या.

"आलास व्हय," त्या म्हणाल्या. "धर."

मग देव यायला लागले. जोतिबा आला, खंडोबा आला, बाळकृष्ण आला, अन्नपूर्णा आली, कुलदैवताचे टाक आले, एक घंटा आली. कृष्णात एकेक घेऊन कोरडा करून कप्प्यात ठेवत होता. आणि काय गंमत असेल ती असो, खंडोबा पातेल्याच्या कप्प्यात असा बसला, जणू माप घेऊनच केला होता. शेवटी मनुबाई स्वतः आल्या. भोक त्यांच्या छातीच्या उंचीला होतं, पण त्या काडीएवढ्या. कृष्णातनं काखेत हात घातले आणि त्या अलगद वर आल्या.

इतक्यात पाणी तुडवत हंबीरराव तोब्रुकमध्ये उतरला. "काकी! काकी कुठं हाय?" मागं पायऱ्यांवरून लोंढा येत होता. त्यानं भोकातून उजेड बघितला आणि पुढचा-मागचा विचार न करता त्यात डोकं घातलं, खांदे घातले आणि जोर लावला. खांदे आले. पोट आलं नाही.

अर्धा हंबीरराव इकडं आणि अर्धा तिकडं राहिला. तोब्रुकमधल्या अर्ध्याला पाणी लागत होतं आणि इकडचा अर्धा लालबुंद होऊन कृष्णातकडं बघत होता. कृष्णातनं दोन्ही हात धरून ओढलं. काही हललं नाही. मनुबाई गादीवर मांडी घालून बसल्या होत्या. त्यांनी शांतपणे बघितलं.

"आता हास की," त्या म्हणाल्या.

हंबीरराव हसला नाही. आणि नेमका त्याच्या सदऱ्याच्या वरच्या खिशात फोन वाजला. हंबीररावाचा मुलगा ऋषिराज उत्तरेकडं कुठंतरी बर्फात नोकरीला आहे. रेंज आली, की फोन करतो, आणि त्याचा फोन घ्यायचा राहिला तर हंबीररावाला दिवसभर अन्न जात नाही. दोन्ही हात टेकून त्यानं अंगाचा भार पेललेला. त्यानं डोळ्यांनीच खूण केली. कृष्णातनं फोन काढून त्याच्या कानाला लावला.

"आबा, कुठं हायसा? आवाज लय घुमतोय," पलीकडून ऋषिराज म्हणाला.

"पुन्यात हाय," हंबीरराव धापा टाकत म्हणाला. "आडाकलोय. काकी बरी हाय, देव बरं हायती. मागनं फोन कर."

"पुण्याला कवा गेला तुमी?"

"आरं आपल्या पुन्यात! किस्नाच्या! ठेव आता!"

फोन बंद झाला. बाहेर पाऊस कोसळत होता. हंबीरराव हसला नव्हता. मनुबाई हसल्या नव्हत्या. आपण काय बोललो, हे हंबीररावाच्या ध्यानातही आलं नव्हतं. तो फक्त म्हणत होता, "किस्ना, उजवीकडनं ढकल रं, मुंग्या आल्या पायाला."

कृष्णातनं फोन नीट पुसला आणि बुटांच्या कप्प्यात ठेवला. मग तो वळून उगीचच खंडोबा सरळ करत बसला, जो आधीच सरळ होता.

"किस्ना! आरं जिवंत हाय न्हवं मी?"

"आलो, दादा," कृष्णात म्हणाला, पण लगेच काही वळला नाही. वळण्यासारखा चेहरा त्याला त्या क्षणी सापडत नव्हता.

पाऊस ओसरल्यावर आप्पासोनं येऊन भोक मोठं केलं. पहिल्यांदा हंबीरराव बाहेर काढला आणि मग प्लेटा. आप्पासोचं म्हणणं, प्लेटा सोप्या होत्या. त्या भोकालाच चौकट बसली, खाली पायऱ्या झाल्या. छपरांच्या पाण्याला पुण्याच्या पायाखालून मोठा पाईप टाकला आणि त्याचं तोंड पुन्हा शेतात काढून दिलं. देवाच्या पाठीला भोक पडलं खरं, पण देवच आता दुसरीकडं होते. दोन दिवसांनी कृष्णात देव परत न्यायला आला, तर मनुबाईंची वळकटीही कप्प्यात गुंडाळून ठेवलेली.

"हितं कोरडं हाय," त्या म्हणाल्या. "आन् जोतिबालाबी पुनं मानवलंय. तू आन् शालू जावा तोब्रुकात. उन्हाळ्याचं गार असतंय."

तेव्हा ज्यानं जन्मभर वाट बघून खोली बांधली, तो आता तोब्रुकमध्ये राहतो. शालूबाईनं हिरवा स्वेटर मागून घेतलाय. ती म्हणते, पडद्यापेक्षा भिंती बऱ्या, मग त्या जमिनीत का असेनात. सकाळी वर आरोळ्या चालू असतात. "पुन्यातनं घंटा आण," "पुन्यात प्रसाद दिऊन ये," "पुन्यातली कोंबडी हाकल," कारण त्या कोंबडीनं सतरंजीच्या मापाच्या कप्प्यात अंडी घालायला सुरुवात केलीय. कुणी हसत नाही. घरात कुणाला वेळ आहे?

ऋषिराजची लांब सुट्टी दिवाळीत आहे. बर्फातली कुठली कल्पना घेऊन तो येणार, या काळजीनं उदयसिंहाची झोप उडालीय. आप्पासोनं एवढाच निरोप पाठवलाय की, आधी दार सांगा.

कृष्णात पुन्हा घर दाखवायला लागलाय. आता तर तो मीटरवाल्याला बांधावर जाऊन गाठतो. बसरा होतं, रंगून होतं, लडाख बाहेरून होतं, तोब्रुकमध्ये उतरून होतं. मग पाहुणा विचारतो, "आणि मेजर, तुमचं कुठलं?"

कृष्णात चहाचं नाव काढत नाही. तो मिशीवरून हात फिरवतो, नव्या पायऱ्यांकडं बोट करतो आणि दबक्या आवाजात म्हणतो, "या. जरा हळू बोला, काकी निजल्यात."

चौकट बुटकी आहे. तोब्रुकचं जुनं आढं वरून गेल्यामुळं आप्पासोला ती उंच करता आली नाही. त्यामुळं येसबांच्या सज्ज्यापासून चालत आलेली घराची चाल पुण्यानंही पाळलीय. पाहुण्याला "वाका" म्हणायला कृष्णात कधी विसरत नाही. फक्त जरा उशिरानं म्हणतो.